बघणारी बाई: नलिनी मलानी यांच्या चलच्चित्रांची प्रस्तावना

१९६९ साली चित्रकार अकबर पदमसी यांना जवाहरलाल नेहरू फेलोशिप मिळाली. ते पैसे स्वतःच्या कॅनव्हासवर खर्च केले असते तरी कुणी बोट दाखवलं नसतं. पदमसींनी त्यातून मुंबईत नेपियन सी रोडवरच्या एका फ्लॅटमध्ये कार्यशाळा सुरू केली. 'व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप' असं तिचं नाव. तिथे १६ मिलिमीटरचा कॅमेरा आला, डार्करूम झाली, आणि चित्रकार, छायालेखक, सिनेमा करणारे, ॲनिमेशनवाले अशा सगळ्यांना एकमेकांच्या कामात हात घालायची मुभा मिळाली. दिग्दर्शक मणी कौल आणि छायालेखक के. के. महाजन यांचं तिथे येणंजाणं होतं. खुद्द पदमसींनी सुमारे हजार रेखाटनं करून त्यांतून 'सिझिजी' ही मूक, अमूर्त फिल्म घडवली. रेषा आणि बिंदू यांच्याशिवाय तिच्यात काहीही नाही. त्यांची दुसरी फिल्म, 'इव्हेंट्स इन अ क्लाउड चेंबर', हिची एकच प्रत होती. ती प्रदर्शनासाठी पाठवली आणि गहाळ झाली. २०१६ साली आशिम अहलुवालिया यांनी वृद्ध पदमसींना सोबत घेऊन त्या हरवलेल्या फिल्मच्या आठवणीवर नवी फिल्म केली, तेव्हा कुठे नव्या पिढीला कळलं की असं काही मुंबईत होऊन गेलं होतं.

ही कार्यशाळा १९७२पर्यंत चालली. तेवढ्या काळात तिथे ज्यांनी कॅमेरा हाती घेतला त्यांत २३ वर्षांच्या नलिनी मलानी होत्या, १९६९ सालीच जे. जे. स्कूल ऑफ आर्टमधून पदविका घेऊन बाहेर पडलेल्या. पुढच्या पानांत त्यांच्या कामांचा सविस्तर परिचय येईल. त्याआधी हे काम कोणत्या मातीतून उगवलं आणि ते बघायचं कसं, एवढं सांगणं हा या प्रस्तावनेचा हेतू आहे.

आपल्याकडे सिनेमाचा इतिहास सांगायची वाट ठरलेली आहे: फाळके, प्रभात, मग थेट समांतर सिनेमा. चित्रकलेच्या इतिहासाचीही तशीच एक वाट आहे. चित्रकारांनी केलेल्या फिल्म्स या दोन्ही वाटांच्या मधल्या रानात राहिल्या. सिनेमावाल्यांच्या लेखी ती चित्रकारांची हौस, आणि चित्रकारांच्या लेखी ते सिनेमाचं खातं. दोन घरचा पाहुणा उपाशी म्हणतात तसं झालं. मलानी यांचं नाव जगभरच्या संग्रहालयांत पोचलं, २०२३ साली त्यांना क्योटो पुरस्कार मिळाला, पण ज्या शहरात त्यांचं बहुतेक शिक्षण झालं आणि बहुतेक काम घडलं त्या शहराच्या भाषेत त्यांच्याबद्दल फारसं लिहिलं गेलं नाही. मला हे खटकतं. मलानी यांचं काम हे मुंबईचं काम आहे, गिरगाव-काळबादेवीच्या गर्दीचं आणि वॉर्डन रोडच्या खोल्यांचं आहे, आणि मराठी वाचकाने त्यावर हक्क सांगायला हवा.

वॉर्डन रोडचा उल्लेख उगाच केलेला नाही. जे. जे.मध्ये शिकत असतानाच मलानी यांना तिथल्या भुलाभाई मेमोरियल इन्स्टिट्यूटमध्ये कामाला जागा मिळाली होती. आज त्या वास्तूचा मागमूस नाही, पण साठच्या दशकात तिच्यासारखी दुसरी जागा देशात नसावी. गायतोंडे तिथे चित्रं काढत. हुसेन तिथेच. रविशंकर यांची 'किन्नर' ही संगीतशाळा तिथे भरे. अल्काझींच्या थिएटर युनिटच्या तालमी गच्चीवर होत, आणि पुढे सत्यदेव दुबे यांनी ती धुरा घेतली. एका खोलीत रंग वाळतोय आणि शेजारून सतार किंवा संवाद ऐकू येतायत, अशा वातावरणात विशीच्या आतबाहेरची मुलगी काम करत होती. चित्र ही एकट्याने, बंद खोलीत करायची गोष्ट आहे हा समज तिच्या मनात रुजायला जागाच नव्हती. पुढे नट, नर्तक, लेखक यांच्याबरोबर त्यांनी जे केलं त्याची मुळं मला इथे दिसतात.

दुसरं मूळ घरात होतं. मलानी यांचा जन्म १९४६चा, कराचीतला. फाळणीत कुटुंब कोलकात्याला आलं. वडील टाटा एअरलाइन्समध्ये, म्हणजे पुढच्या एअर इंडियात, नोकरीला. १९५४ साली ते सगळे मुंबईत, विस्थापित सिंधी कुटुंबांसाठी बांधलेल्या वसाहतीत राहायला आले. कराचीचं घर त्यांना स्वतःला आठवणं शक्यच नाही. ते घर त्यांच्यापर्यंत पोचलं ते मोठ्यांच्या बोलण्यातून. डोळ्यांनी न पाहिलेली पण कानांनी रोज ऐकलेली गोष्ट हा त्यांच्या कामाचा कच्चा माल आहे, आणि त्यांच्या व्हिडिओंमध्ये दृश्यापेक्षा आवाज आधी अंगावर येतो याचं कारणही मी तिथेच शोधतो.

आता त्या नेपियन सी रोडच्या फ्लॅटकडे परत येऊ. मलानी यांनी १९६९ साली तिथे केलेली पहिली फिल्म म्हणजे 'ड्रीम हाउसेस'. तंत्र साधं, पण कष्टाचं. पुठ्ठ्याची घरं बांधायची, त्यांच्यावर रंगीत प्रकाश टाकायचा, एक चौकट टिपायची, प्रकाश किंवा मॉडेल जरासं हलवायचं, पुढची चौकट टिपायची. पडद्यावर काही सेकंद दिसावेत म्हणून शेकडो वेळा थांबायचं. फिल्म ८ मिलिमीटरची, रंगीत. घनाकार एकमेकांवर चढतात, लाल-पिवळा उजेड त्यांच्या कडांवरून सरकतो, आणि आपण एका शहरातून चालल्यासारखं वाटतं, असं शहर जे अजून कुणी बांधलेलं नाही. तो काळच तसा होता. चार्ल्स कोरिया आणि त्यांचे सहकारी खाडीपलीकडच्या नव्या मुंबईचा आराखडा मांडत होते. सगळ्यांना घर, सगळ्यांना हवा आणि उजेड मिळेल, नियोजनाने मिळेल, ही त्या पिढीची खरीखुरी श्रद्धा होती. पुठ्ठ्याच्या त्या घरांत ती श्रद्धा आहे. त्यात खोट काढावीशी मला वाटत नाही.

सात वर्षांनी, १९७६ साली, मलानी यांनी आणखी एक फिल्म केली. या वेळी कृष्णधवल. एक तरुण मुलगी उंचावरच्या घरातून मुंबईकडे बघते आहे. खाली इमारती आणि त्यांच्या मधल्या फटींतून पसरलेल्या झोपड्या. देशात आणीबाणी होती, आणि शहर 'स्वच्छ' करण्याच्या नावाखाली झोपड्या पाडल्या जाण्याचा तो काळ. मलानी यांनी ही फिल्म आणि 'ड्रीम हाउसेस' शेजारी शेजारी ठेवल्या आणि त्या जोडकामाला 'युटोपिया' असं नाव दिलं. डाव्या-उजव्या पडद्यांवर दोन्ही एकाच वेळी चालतात. एकीकडे रंगीत पुठ्ठ्याचं शहर, दुसरीकडे करड्या रंगाचं खरं शहर.

या कामाबद्दल बहुतेक जण स्वप्न आणि स्वप्नभंग असं बोलतात. ते खरं आहे, पण अपुरं आहे. माझी नजर त्या मुलीवर खिळते. भारतीय चित्रपटात तोवर खिडकीतली बाई म्हणजे बहुतेक वेळा कुणाची तरी वाट पाहणारी किंवा कुणी तरी जिच्याकडे बघावं अशी. इथली मुलगी शहर बघते आहे. तिला काय वाटतंय हे फिल्म सांगत नाही, संवाद नाही, गोष्ट नाही. आपण तिच्या खांद्यामागून तिचं शहर बघतो आणि त्याचा हिशेब आपल्याला आपल्या मनाशी मांडावा लागतो. पुढच्या पन्नास वर्षांत मलानी यांनी काच, मायलार, प्रोजेक्टर, आयपॅड अशी साधनं बदलली, पण बघणाऱ्या बाईच्या जागी प्रेक्षकाला नेऊन उभं करायचं हा त्यांचा खटाटोप तोच राहिला. या कामाची पहिली नि शेवटची किल्ली मला हीच वाटते.

त्याच फ्लॅटच्या काळात आणखी दोन छोट्या कृष्णधवल फिल्म्स झाल्या. 'स्टिल लाइफ'मध्ये कॅमेरा खोलीतल्या वस्तूंवरून फिरतो आणि तिथे राहून गेलेल्या माणसांचा अंदाज आपल्याला बांधावा लागतो. 'ओनॅनिझम'मध्ये पलंगावर एकटी तळमळणारी स्त्री आहे. १९६९ साली, मुंबईत, एका तरुण मुलीने स्त्रीच्या देहाची तगमग अशी थेट टिपावी याला मोठं धाडस लागतं. १९७३ची 'टॅबू' राजस्थानातल्या विणकर वस्तीतली. तिथे सूत तयार करण्यात बायकांचे हात राबतात, पण मागाला त्यांनी हात लावायचा नाही. या फिल्म्स दाखवायच्या कुठे हा प्रश्नच होता. गॅलऱ्यांत प्रोजेक्टर नसत, आणि थिएटरात दोन-चार मिनिटांची, कथा नसलेली फिल्म कोण लावणार? फ्रेंच सरकारच्या शिष्यवृत्तीवर १९७० ते ७२ अशी दोन वर्षं पॅरिसमध्ये, तिथल्या सिनेमाथेकच्या सान्निध्यात काढून मलानी परतल्या तोवर पदमसींची कार्यशाळा बंद पडली होती. कॅमेरा महाग, फिल्म महाग, प्रयोगशाळेचं बिल त्याहून महाग. त्या रंगवण्याकडे वळल्या. या फिल्म्स नंतर कित्येक वर्षं लोकांच्या दृष्टीआडच राहिल्या.

वळल्या म्हणजे माघार घेतली असं समजू नये. काळबादेवीजवळच्या लोहार चाळीत त्यांचा स्टुडिओ होता. विजेचं सामान, तारा, पंखे, नळाच्या तोट्या यांची ही घाऊक बाजारपेठ. खाली हमालांच्या हातगाड्या, पाटीवाले, दुकानांच्या फळ्यांवर झोपणारी माणसं. ऐंशीच्या दशकाच्या अखेरीस त्यांनी 'लोहार चाळ' या नावाने केलेल्या चित्रमालिकेत हीच माणसं एकमेकांवर चढलेली, एकमेकांतून पारदर्शक दिसणारी अशी येतात. ही चित्रं बघताना वाटतं की चौकट आता पुरत नाही, कुणी तरी तिला चालवायला हवं. याच सुमारास, १९८७मध्ये, अर्पिता सिंग, नीलिमा शेख, माधवी पारेख आणि मलानी अशा चौघींनी मिळून 'थ्रू द लुकिंग ग्लास' हे प्रदर्शन भोपाळच्या भारत भवनपासून गावोगाव नेलं. बायकांनी एकत्र येऊन प्रदर्शन करावं ही कल्पना मलानी यांच्या मनात १९७९च्या न्यूयॉर्क भेटीपासून होती. स्त्री-कलाकारांनी स्वतः चालवलेली ए. आय. आर. ही गॅलरी आणि नॅन्सी स्पेरो यांच्यासारख्या चित्रकर्ती त्यांनी तिथे पाहिल्या होत्या.

१९९२ साली चौकट खरोखरच गेली. जहांगीर आर्ट गॅलरीच्या पहिल्या मजल्यावर तेव्हा केमोल्ड गॅलरी होती. मलानी यांनी तिच्या भिंतींवरच कोळशाने आणि रंगांनी थेट चित्र काढलं. नाव 'सिटी ऑफ डिझायर्स'. नाथद्वाऱ्याची जुनी भित्तिचित्रं हेळसांडीने नष्ट होत होती, त्याचा निषेध त्यामागे होता. पंधरा दिवस लोकांनी ते पाहिलं आणि मग त्यावर चुना फासला गेला. विकायला काही उरलं नाही. उरला तो त्याचा व्हिडिओ. त्या वर्षाच्या शेवटी हे शहर दंगलींत पेटलं. भिंतीवरचं चित्र आणि शहरातली वस्ती, दोन्ही किती सहज पुसता येतात, हे मुंबईकराला वेगळं सांगायची गरज उरली नाही. पुढे परदेशातल्या मोठमोठ्या संग्रहालयांतही मलानी भिंतीवर चित्रं काढत राहिल्या आणि प्रदर्शन संपताना ती पुसून टाकणं हाच त्या कामाचा शेवटचा अंक ठरवत राहिल्या. बाजारात कलेचे भाव चढत होते त्या काळात कलाकाराने स्वतःचं काम असं पुसू देणं याला मी फार मोल देतो.

मधल्या काळात नाटक आलं. १९९३ साली हायनर म्युलर या जर्मन नाटककाराच्या, मीडिया या ग्रीक पुराणकथेतल्या नायिकेवरच्या संहितेवर अलकनंदा समर्थ यांच्यासह केलेला प्रयोग, आणि १९९७मध्ये अनुराधा कपूर यांच्यासह ब्रेख्तच्या एका कथेवर केलेलं 'द जॉब'. नवरा मेल्यावर त्याचे कपडे घालून, त्याच्या नावाने रखवालदाराची नोकरी करणाऱ्या बाईची ती कथा. या प्रयोगांत व्हिडिओ आला तो नटाच्या जोडीला. पडदा हा दिव्याने उजळणारा आणखी एक नट आहे, हे मलानी तिथे शिकल्या असाव्यात.

मग १९९८चा मे महिना. ११ आणि १३ तारखेला पोखरणला अणुचाचण्या झाल्या, महिनाअखेरीस पाकिस्तानने चागईत उत्तर दिलं. दोन्हीकडे रस्त्यांवर मिठाई वाटली गेली. मलानी यांनी सआदत हसन मंटो यांची 'टोबा टेक सिंग' ही कथा उचलली. फाळणीनंतर वेड्यांचीही वाटणी होते, आणि लाहोरच्या वेड्यांच्या इस्पितळातला बिशन सिंग दोन सरहद्दींच्या मधल्या, कुणाच्याच नसलेल्या जमिनीवर मरून पडतो, ही ती कथा. त्यातून 'रिमेंबरिंग टोबा टेक सिंग' हे व्हिडिओ-मांडणीशिल्प झालं आणि १९९९ साली ते मुंबईच्या प्रिन्स ऑफ वेल्स म्युझियममध्ये, म्हणजे आजच्या छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयात मांडलं गेलं. जागेची ही निवड महत्त्वाची आहे. गॅलरीचा काचेचा दरवाजा ढकलायला बुजणारी माणसं म्युझियममध्ये निःसंकोच येतात: शाळेच्या सहली, गावाहून आलेले पाहुणे, सुट्टीच्या दिवशी मुलांना घेऊन निघालेली कुटुंबं.

आत काय होतं ते जवळून बघू. समोरासमोरच्या दोन भिंतींवर दोन स्त्रिया. एक इकडे, एक तिकडे. दोघी मिळून एका साडीची घडी घालायचा प्रयत्न करतायत. आपल्या घरांत हे दृश्य रोजचं आहे: दोन टोकं दोघींनी धरायची, झटका द्यायचा, ताण सारखा ठेवायचा, आणि एकीने दुसरीकडे चालत येऊन टोकाला टोक लावायचं. इथे मात्र दोघींच्या मध्ये अख्खी खोली आहे आणि खोलीत आपण आहोत. त्यांना पुढे येता येत नाही. घडी काही पडत नाही. मागच्या भिंतीवर अणुस्फोटाचे ढग फुलत जातात. जमिनीवर मायलारचा आरशासारखा चकचकीत पृष्ठभाग, त्यामुळे स्फोट खालीही दिसतो. आणि त्या जमिनीवर पत्र्याच्या ट्रंका उघड्या पडलेल्या, आत गोधड्या, गोधड्यांच्या कुशीत छोटे टीव्ही, आणि त्यांत घरदार सोडून निघालेल्या माणसांची दृश्यं.

पत्र्याची ट्रंक कुठल्याही घरात असते. कोकणातून मुंबईला गिरणीत आलेल्या माणसाची असते, बदलीच्या नोकरीतल्या शिपायाची असते, लग्न होऊन आलेल्या मुलीची असते. फाळणीचं साहित्य ज्याने एक ओळही वाचलेलं नाही त्यालाही ती ट्रंक कळते. ती बघायला वाकावं लागतं. वाकलं की त्या आरशात आपला चेहरा दिसतो आणि त्याच्यामागे तो ढग. कुणी समजावून सांगितलेलं नसतं, पण दोन बायकांच्या मध्ये आपणच उभे आहोत हे पायांना आधी कळतं. मलानी यांच्या साऱ्या कामातलं हे मला सर्वांत पूर्ण वाटतं. साहित्य, राजकारण, घरातली वस्तू आणि बघणाऱ्याचं अंग यांची इतकी घट्ट वीण त्यांनाही पुन्हा क्वचितच साधली.

त्यांच्या नावाशी आज जगभर जोडलं जाणारं तंत्र मात्र याच्या नंतरचं आहे, आणि त्याची हकीकत सांगायलाच हवी. ऐंशीच्या दशकात चित्रकार भूपेन खख्खर यांनी मलानी यांना काचेवर उलट बाजूने रंगवायची जुनी रीत दाखवली. चीनमधून आलेली ही कला तंजावरात रुळली आणि साताऱ्याकडेही पोचली होती. हिचा क्रम साध्या चित्राच्या बरोबर उलटा. कागदावर आपण आधी पार्श्वभूमी, मग आकृती, मग चेहरा, शेवटी डोळ्यातला ठिपका असं जातो. इथे डोळ्यातला ठिपका पहिला. दागिन्याचा मोती, ओठाची रेघ, भुवई हे आधी, मग त्वचेचा रंग, मग वस्त्र, सगळ्यात शेवटी मागची भिंत. चुकलं तर वरून सारवासारव करता येत नाही, कारण जे पहिलं लावलं तेच बघणाऱ्याला सर्वांत जवळ दिसणार असतं. मलानी यांनी काचेच्या जागी पारदर्शक प्लास्टिक घेतलं, त्याची माणसाच्या उंचीची नळकांडी केली, आतून रंगवली, छताला टांगली आणि मोटर लावून सावकाश फिरवली. त्यांच्यातून प्रोजेक्टरचा झोत सोडला. २००१ सालच्या 'ट्रान्सग्रेशन्स'मध्ये हे पूर्ण रूपात दिसलं. भिंतीवर व्हिडिओ चालू असतो, त्यावरून रंगवलेल्या आकृत्यांच्या सावल्या सरकत जातात, एकमेकींना गिळतात, मोठ्या होतात, विरतात. आणि झोताच्या वाटेत आपण आलो की आपली काळी सावलीही त्यांत मिसळते. दोन माणसं वेगवेगळ्या वेळी गेली तर त्यांना एकच काम दिसेल याची खात्री नाही.

इथे महाराष्ट्रातली एक जुनी परंपरा आठवल्याशिवाय राहवत नाही. १८९०च्या दशकात कल्याणचे महादेव पटवर्धन आणि त्यांचे मुलगे 'शांबरिक खरोलिका' हा खेळ करत. काचेच्या पट्ट्यांवर हाताने बारीक रंगकाम करायचं, एकाच पात्राच्या वेगवेगळ्या अवस्था रंगवायच्या, कंदिलातून त्या पडद्यावर टाकायच्या आणि गात-बोलत रामायण-महाभारतातल्या कथा सांगायच्या. त्या पट्ट्यांवरची राम-सीता हलत. सिनेमा येण्याआधीचा हा हलणाऱ्या चित्रांचा खेळ. पुढे दादासाहेब फाळके यांनी, तेही जे. जे.चेच विद्यार्थी, १९१२ साली वाटाण्याचं रोप उगवताना दिवसांमागून दिवस एकेक चौकट टिपून 'अंकुराची वाढ' दाखवली. मलानी यांनी यांच्याकडून काही घेतलं असं मी म्हणत नाही. पण काचेवर रंगवून त्यातून उजेड सोडणं आणि थांबत थांबत चौकट टिपणं या दोन्ही गोष्टी या भागातल्या माणसांनी शंभरएक वर्षांपूर्वी मन लावून केल्या होत्या. प्रयोगशील फिल्म म्हणजे पाश्चात्त्यांकडून आणलेलं कलम असं ज्यांना वाटतं त्यांनी पटवर्धनांकडे आणि फाळक्यांकडे एकदा बघावं.

२००२च्या गुजरातमधल्या हिंसेनंतर मलानी यांनी राजा रविवर्मा यांचं वाद्यं घेऊन बसलेल्या, प्रांतोप्रांतीच्या स्त्रियांचं प्रसिद्ध चित्र घेऊन 'युनिटी इन डायव्हर्सिटी' केलं. दिवाणखान्यातल्या त्या सुरेल मैफलीवर गोळ्यांचे आवाज येतात. २००५मध्ये व्हेनिसला दाखवलेलं 'मदर इंडिया' समाजशास्त्रज्ञ वीणा दास यांच्या फाळणीतल्या स्त्रियांवरच्या लेखनातून निघालं, पाच पडद्यांवर पसरलेलं. ही दोन्ही कामं ठाम आहेत, त्यांचा राग खरा आहे.

२०१२ साली जर्मनीतल्या कासेलच्या 'डॉक्युमेंटा'साठी केलेलं 'इन सर्च ऑफ व्हॅनिश्ड ब्लड' हे सावल्यांच्या कामांतलं एक मोठं काम. पाच फिरती नळकांडी, सहा व्हिडिओ. नाव फैज अहमद फैज यांच्या नज्मेवरून. आत क्रिस्टा वोल्फ यांची कसांड्रा आहे, जिला भविष्य दिसतं पण तिच्यावर कुणी विश्वास ठेवत नाही. महाश्वेता देवींच्या कथेतली द्रौपदी आहे, जी अत्याचारानंतर वस्त्र नाकारून सैनिकी अधिकाऱ्यापुढे ताठ उभी राहते. म्युलर आहेत, रिल्के आहेत. आणि इथे माझी एक तक्रार आहे. हा सगळा मजकूर इंग्रजीत बोलला जातो, आणि तो इतका दाट आहे की ज्याने हे लेखक वाचलेले नाहीत तो दाराबाहेरच राहण्याची भीती असते. पत्र्याच्या ट्रंकेने ज्याला आत घेतलं होतं त्यालाच हे काम थोडं परकं वाटू शकतं. मलानी यांनी कसांड्रा निवडली ती न ऐकल्या गेलेल्या आवाजासाठी. तो आवाज लोहार चाळीच्या भाषेत निघाला असता तर, असं मनात येतंच. तरीही त्या खोलीत काही वेळ उभं राहिल्यावर शब्द मागे पडतात, भिंतीवरच्या बाईच्या चेहऱ्यावरून रंगीत सावल्या सरकत राहतात आणि कानात तिचा श्वास उरतो. त्या क्षणी माझी तक्रार थोडी सैल होते.

२०१८ साली कठुआमध्ये आठ वर्षांच्या मुलीवर झालेला अत्याचार आणि तिची हत्या यांनी देश हादरला. मलानी यांनी तेव्हा आयपॅडवर बोटाने चित्रं काढायला सुरुवात केलेली होती. स्टुडिओ नको, सहायक नकोत, प्रोजेक्टर नकोत. मनात आलेला राग बोटाने काढायचा, पुसायचा, परत काढायचा, आणि त्या काढण्या-पुसण्याचीच काही सेकंदांची फिल्म करून इन्स्टाग्रामवर टाकायची. दोरीच्या उड्या मारणारी मुलगी त्यांत पुन्हा पुन्हा येते. अशा ८८ फिल्म्स एकत्र करून 'कॅन यू हिअर मी?' ही खोली उभी राहिली आणि २०२०मध्ये लंडनच्या व्हाइटचॅपल गॅलरीत दाखवली गेली. नऊ प्रोजेक्टर, आणि भिंतींवर एकाच वेळी धावणाऱ्या, ओरडणाऱ्या, खोडल्या जाणाऱ्या रेघा. सत्तरी ओलांडलेल्या कलाकाराने हातातल्या काचेच्या पाटीवर बोटाने काम करावं आणि ते फोनवर कुणालाही फुकट बघता यावं, यात १९६९च्या त्या पुठ्ठ्याच्या घरांमागची उमेद मला दिसते. पुढे २०२३ साली लंडनच्या नॅशनल गॅलरीत त्यांनी तिथल्या संग्रहातल्या युरोपीय चित्रांवर अशाच रेघा ओढून 'माय रिॲलिटी इज डिफरंट' केलं. ज्या चित्रांत बाई केवळ बघण्याची वस्तू होती त्यांवरून या रेघा फिरल्या आणि कोपऱ्यातली, दुर्लक्षित माणसं पुढे आली.

या कामापुढे एक व्यावहारिक संकट आहे आणि ते बोलून दाखवायला हवं. रंगवलेलं चित्र नीट ठेवलं तर शंभर वर्षं राहतं. व्हिडिओची टेप पंधरा-वीस वर्षांत खराब होते, ती वाचवणारं यंत्र त्याआधी बाजारातून जातं, प्रोजेक्टरचा दिवा बनवणारा कारखाना बंद होतो. मलानी यांच्या मोठ्या मांडण्या जगातल्या संग्रहालयांनी विकत घेतल्या आहेत, दिल्लीच्या किरण नाडर संग्रहालयाने २०१४ साली १९६९पासूनच्या कामाचं मोठं प्रदर्शन केलं, २०१७मध्ये पॅरिसच्या पाँपिदू केंद्रात सिंहावलोकन झालं. त्यामुळे ही कामं सांभाळली जातील. पण त्याच काळात मुंबईत छोट्या फिल्म्स करणाऱ्या बाकीच्यांचं काय? पदमसींच्या हरवलेल्या प्रतीसारख्या किती प्रती कुणाच्या माळ्यावर, कुठल्या कपाटात दमट हवेने चिकटून गेल्या असतील? मुंबईच्या एखाद्या कलासंस्थेने हा शोध मनावर घ्यायला हवा, आणि लवकर घ्यायला हवा, कारण त्या फिल्म्स करणारी पिढी आता थकली आहे.

शेवटी, पहिल्यांदा बघायला जाणाऱ्यांसाठी. या कामांना सुरुवात आणि शेवट नसतो, ती चक्राकार चालू असतात. त्यामुळे आपण उशिरा आलो असं समजून दारात थबकू नये. बहुतेक व्हिडिओ काही मिनिटांचेच असतात. पहिल्या फेरीत गोष्ट जुळवायचा प्रयत्न करू नये, नुसतं फिरावं, झोतासमोरून जावं, आपली सावली कुठे पडते ते बघावं. दुसऱ्या फेरीत एकच भिंत निवडून तिच्यासमोर बसावं आणि आवाजाकडे लक्ष द्यावं. लहान मुलं बरोबर असतील तर त्यांना आवरू नये, ती सावल्यांशी खेळायला लागतात आणि खोलीतल्या बाकीच्यांना कसं बघायचं ते त्यांच्याकडून कळतं. भिंतीवरचा माहितीफलक बाहेर पडताना वाचला तरी चालतो.